न लिहिलेल्या पोथीच्या गावाला

दसऱ्याला आमच्या घरी पाटावर पुस्तकं मांडायची पद्धत आहे. पाटी मिळत नाही म्हणून मुलाच्या लहानपणच्या व्हाइट बोर्डावर मी सरस्वती काढते, आपट्याची पानं मिळत नाहीत म्हणून अंगणातल्या मेपलची पानं सोनं म्हणून वाटते, आणि हे सगळं देवीला चालतं असं गेली तीस वर्षं गृहीत धरून बसले आहे. पाटावर ज्ञानेश्वरी असते, माझं 'रुचिरा' असतं, ह्यांचं इंजिनिअरिंगचं एक जाडजूड हँडबुक असतं, आणि सगळ्यांच्या वर लाल फडक्यात बांधलेलं सासरचं बाड.

ह्या बाडाबद्दल थोडं सांगायला हवं. चिपळूणजवळचं आमचं घर विकलं तेव्हा भांडीकुंडी वाटली गेली, झोपाळा कोणीतरी नेला, आणि देवघरातलं हे बाड सासूबाईंबरोबर बॅगेतून अमेरिकेत आलं. बाड मोडीत आहे. खापरपणजोबांच्या काळी एका पावसाळी रात्री काशीकडून आलेला कोणी गोसावी पडवीत उतरला, सकाळी तो नाहीसा झाला आणि जागेवर हे बाड होतं, अशी घरातली गोष्ट. त्यात मंत्र आहेत. ते उघडायचं नसतं, दसऱ्याला फक्त फूल वाहायचं. आणि ज्यांनी ते एकदा उघडलं त्या माझ्या चुलत सासऱ्यांना, म्हणजे सासऱ्यांच्या थोरल्या भावाला, वेड लागलं. लग्न होऊन आले तेव्हा मलाही हे सगळं सांगण्यात आलं होतं. मी कॉम्प्युटर सायन्स शिकलेली बाई, पण खोटं कशाला बोलू, त्या फडक्याची गाठ मी कधी सैल केली नाही.

तर २०२४ चा दसरा. १२ ऑक्टोबर, शनिवार, त्यात लाँग वीकएंड. मी नैवेद्याचं बघत होते तेवढ्यात आमचे सोळा वर्षांचे चिरंजीव आले आणि बाडाशेजारी त्यांनी एक काळं पेपरबॅक ठेवलं. मुखपृष्ठावर रेघारेघांचं काहीतरी चक्र.

"हे काय रे बाळा?" सासूबाईंनी विचारलं.

"आजी, मॅजिकची पोथी आहे. नेक्रोनॉमिकॉन. व्हेरी ओल्ड. तुझ्या बाडासारखी. जो वाचतो तो वेडा होतो."

सासूबाईंच्या हातातलं फूल हातातच राहिलं. "देवाची आहे की भुताची ते आधी सांग. मग वाहते."

ह्यांना अशा वेळी नेहमी नकाशा आठवतो. "आई, ज्या माणसाने ही पोथी काढली त्याचं गाव इथून तासाभरावर आहे. आज सीमोल्लंघन आहेच. जेवून निघू, ऱ्होड आयलंडची हद्द ओलांडू आणि पोथी कुणाची ते बघून येऊ."

मंडळी, न्यू इंग्लंडात राहून आम्ही बॉस्टन, केप कॉड आणि लोणचं-पापडाची दुकानं सोडून फारसं काही पाहिलेलं नाही. प्रॉव्हिडन्स म्हणजे न्यू यॉर्कला जाताना हायवेवरून दिसणारा पांढरा घुमट, एवढीच आमची ओळख. म्हणून थर्मॉसमध्ये चहा भरला, डब्यात पुरणपोळ्या घेतल्या, सासूबाईंनी पर्समध्ये मेपलची चार पानं टाकली ("कोणी भेटलं तर सोनं द्यायला असावं!") आणि दुपारी बाराला ९५ नंबरच्या रस्त्याला लागलो. झाडं ऐन रंगात होती.

गाडीत चिरंजीवांनी आजीला त्या पोथीचं माहात्म्य सांगितलं. ते असं: येमेनमधल्या सनाचा अब्दुल अल्हझरेड नावाचा एक वेडा कवी होता. बाबिलोनचे भग्न अवशेष तो हिंडला, अरबस्तानच्या दक्षिणेच्या वाळवंटात दहा वर्षं एकटा राहिला, आणि म्हातारपणी दमास्कसला बसून त्याने एक ग्रंथ लिहिला. ग्रंथाचं नाव 'अल अझीफ', म्हणजे रात्री किड्यांचा जो आवाज येतो आणि जो पिशाच्चांचा समजतात तो. इ.स. ७३८ मध्ये भर दिवसा, लोकांच्या देखत, न दिसणाऱ्या कुठल्याशा प्राण्याने त्याला खाल्लं. ९५० मध्ये कॉन्स्टँटिनोपलला ग्रंथाचं ग्रीक भाषांतर झालं आणि 'नेक्रोनॉमिकॉन' हे नाव पडलं. पुढे शंभर वर्षांनी तिथल्या धर्मगुरूने प्रती जाळल्या. १२२८ मध्ये ओलाउस वर्मियसने लॅटिन केलं, १२३२ मध्ये पोप नववा ग्रेगरी ह्याने बंदी घातली. उरल्यासुरल्या प्रती ब्रिटिश म्यूझियम, पॅरिस, हार्वर्ड, ब्वेनोस आयरीस अशा ठिकाणी कुलूपबंद आहेत.

"बाई गं," सासूबाई म्हणाल्या. "इतक्या तारखा आहेत म्हणजे खरंच असणार."

नेमकी हीच तर गंमत आहे. हा सगळा इतिहास १९२७ साली प्रॉव्हिडन्समध्ये बसून एका माणसाने रचला. हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट त्याचं नाव. जन्म २० ऑगस्ट १८९०, मृत्यू १५ मार्च १९३७. भयकथा लिहायचा, 'वीअर्ड टेल्स' नावाच्या स्वस्त मासिकात त्या छापून यायच्या. ग्रंथाचं नाव स्वप्नात आलं असं त्याने एका पत्रात म्हटलं आहे. 'अब्दुल अल्हझरेड' हे तर पाच वर्षांचा असताना अरबी सुरस कथा वाचून स्वतःला घेतलेलं खेळातलं नाव! अरबी जाणणारे सांगतात की हे नाव व्याकरणातच बसत नाही, कारण 'अब्दुल'मधल्या 'उल'नंतर पुन्हा 'अल' कसा येईल? आपल्याकडे कोणी 'श्रीयुत श्री' म्हणावं तसं ते होतं.

पण रचना किती हुशारीची! पोप नववा ग्रेगरी खरा, त्या काळातलाच. कॉन्स्टँटिनोपलचा धर्मगुरू मायकेल खरा. ओलाउस वर्मियसही खरा, फक्त तो डेन्मार्कचा सतराव्या शतकातला डॉक्टर. युनिकॉर्नचं म्हणून विकलं जाणारं शिंग नारव्हाल नावाच्या समुद्री प्राण्याचा सुळा असतो, हे दाखवून देणारा शहाणा माणूस. त्याला लव्हक्राफ्टने चुकून चारशे वर्षं मागे नेऊन बसवलं. खऱ्या माणसांच्या रांगेत एक खोटं पुस्तक उभं केलं की त्याला कोणी ओळखपत्र विचारत नाही. त्याच्या लेखक मित्रांनीही आपापल्या कथांत ह्या पोथीचा उल्लेख सुरू केला, ह्याने त्यांच्या काल्पनिक पोथ्यांचा केला. वाचकांना वाटलं, इतके जण म्हणतात म्हणजे असणारच. पुढे विद्यार्थ्यांनी काही ग्रंथालयांच्या कपाटांत तिची खोटी कार्डं घुसवली. कोणी पत्राने विचारलं तर लव्हक्राफ्ट मात्र सरळ कळवायचा की पुस्तक काल्पनिक आहे. तुम्हीच लिहून काढा असं सुचवलं तर म्हणायचा, की नुसत्या सूचनेत जेवढं भय आहे तेवढं प्रत्यक्ष लिहिलेल्या पुस्तकात उतरणार नाही.

"मग हे बाळाच्या हातात काय आहे?" सासूबाईंनी अगदी मुद्द्याचं विचारलं.

ते १९७७ चं. 'सायमन' एवढंच नाव लावून न्यू यॉर्कमध्ये कोणीतरी छापलं, सुमेरियन-बाबिलोनी देवतांची नावं आणि चक्रं घालून. १९८० ला पेपरबॅक आलं. म्हणजे लेखक वारल्यावर चाळीस वर्षांनी त्याचं न लिहिलेलं पुस्तक दुकानात आलं! चिरंजीवांना हे सगळं ठाऊक होतं बरं का. "आई, आय नो इट्स फेक. पण रात्री वाचताना फेक वाटत नाही," असं त्याने मला हळूच सांगितलं.

प्रॉव्हिडन्सचा जुना भाग कॉलेज हिल नावाच्या टेकडीवर आहे. चढ असा की पुण्याच्या पर्वतीची आठवण यावी. वर ब्राऊन विद्यापीठ, आणि उतारावर बेनिफिट स्ट्रीट, दोन्ही बाजूंना अठराव्या-एकोणिसाव्या शतकातली लाकडी आणि विटांची घरं, दाराशी गॅसच्या दिव्यांसारखे दिवे. १३५ नंबरचं पिवळं घर त्याच्या 'द शन्ड हाउस' कथेतलं. त्यात आजही लोक राहतात, म्हणून आम्ही पलीकडच्या फुटपाथवरूनच पाहिलं. सासूबाई म्हणाल्या, "पडदे छान आहेत." त्याच रस्त्यावर अथेनियम नावाचं जुनं ग्रंथालय आहे. आत २०१३ पासून लव्हक्राफ्टचा अर्धपुतळा ठेवला आहे.

वर जॉन हे लायब्ररी. १९१० सालची संगमरवरी इमारत. लव्हक्राफ्टची हस्तलिखितं आणि पत्रं इथे जपून ठेवली आहेत. बाहेर त्याच्या जन्मशताब्दीला, १९९० साली, लावलेली फळी आहे. तो शेवटी राहत होता ते ६६ कॉलेज स्ट्रीटचं घर ह्या लायब्ररीच्या मागेच होतं. १९५९ साली ते अख्खं उचलून प्रॉस्पेक्ट स्ट्रीटवर नेऊन ठेवलं. (आमची पाच खोल्यांची बदली करताना काय हाल झाले होते ते आठवलं!) ह्याच लायब्ररीत माणसाच्या कातड्यात बांधलेली काही पुस्तकंही आहेत, त्यांत व्हेसालियसचा शरीररचनेचा ग्रंथ आहे. ही मात्र गोष्ट नव्हे, तपासून सिद्ध झालेली. चिरंजीव क्षणभर गप्प झाले. खरं पुस्तक हे असं असतं, कोणाच्या तरी देहाचा हिशेब मागणारं.

तिथून जवळच प्रॉस्पेक्ट टेरेस नावाची छोटी बाग. कठड्याशी उभं राहिलं की अख्खं शहर खाली. बागेत रॉजर विल्यम्सचा उंच पुतळा आहे. धर्माच्या बाबतीत प्रत्येकाला मोकळीक हवी असं म्हटल्याबद्दल ह्याला मॅसॅच्युसेट्सने हद्दपार केलं, आणि १६३६ साली त्याने हे गाव वसवलं. आम्ही दुपारी ज्या मॅसॅच्युसेट्सहून निघालो त्याच हद्दीचं हेही सीमोल्लंघन म्हणायचं.

कठड्यावर बसून पुरणपोळ्या खाताना ह्यांनी समोर बोट दाखवलं. पलीकडची ती टेकडी म्हणजे फेडरल हिल. लव्हक्राफ्टच्या काळात तिथे इटलीहून आलेली माणसं राहायची. १९३५ साली लिहिलेल्या एका कथेत त्याने तिथल्या पडक्या चर्चमध्ये नेक्रोनॉमिकॉनची लॅटिन प्रत ठेवली आहे.

मंडळी, आता जरा कडू भाग. ह्या माणसाला बाहेरून आलेल्या माणसांचं वावडं होतं. साधं वावडं नाही, तिटकारा. १९२४ साली त्याने सोनिया ग्रीन हिच्याशी लग्न केलं. ती स्वतः युक्रेनहून लहानपणी आलेली ज्यू. दोघं ब्रुकलिनला राहायला गेली. तिथली गर्दी, तिथल्या भाषा ह्यांनी तो संतापून जायचा, असं तिनेच पुढे लिहून ठेवलं आहे. १९२५ मध्ये 'द हॉरर ॲट रेड हुक' लिहिली, तिच्यात स्थलांतरितांची वस्ती म्हणजेच राक्षसांची वस्ती. १९२६ ला तो एकटा प्रॉव्हिडन्सला परतला. ह्या मतांमुळेच २०१५ साली वर्ल्ड फँटसी ॲवॉर्डच्या मानचिन्हातून त्याचा चेहरा काढायचं ठरलं.

नेक्रोनॉमिकॉनचं नाव पहिल्यांदा ज्या कथेत आलं ती 'द हाउंड' १९२४ च्या फेब्रुवारीत छापून आली. त्याच मे महिन्यात अमेरिकेत नवा इमिग्रेशन कायदा झाला. इटली आणि पूर्व युरोपातल्या माणसांचा कोटा कापला. आपल्याला तर १९१७ पासूनच दार बंद होतं, आणि १९२३ साली सुप्रीम कोर्टाने भगतसिंग थिंड ह्यांच्या खटल्यात हिंदी माणसाला नागरिकत्व मिळणार नाही असं सांगून टाकलं होतं. १९४६ मध्ये किंचित फट, आणि १९६५ चा कायदा आल्यावर आपण सगळे. आता त्या पोथीचा प्रवास पुन्हा आठवा: येमेन, दमास्कस, कॉन्स्टँटिनोपल, मग युरोप, मग बोटीतून हार्वर्ड. पोथीचा रस्ता स्थलांतरिताचाच आहे. वाईट म्हणजे पूर्वेकडून येतं, आणि आपल्या सज्जन गावात घुसतं.

तेव्हा पूर्वेच्या गुप्त पोथ्यांची हवाच होती म्हणा. मादाम ब्लाव्हाट्स्की आणि कर्नल ऑल्कॉट १८७९ साली मुंबईला उतरले ते आपल्या गिरगावात राहिले. थिऑसॉफिकल सोसायटीचं मासिक तिथूनच सुरू झालं, मग १८८२ अखेर मंडळी मद्रासला अड्यारला गेली. ह्याच बाईंनी १८८८ च्या 'द सीक्रेट डॉक्ट्रिन'ला आधार म्हणून 'ड्झ्यान' नावाच्या एका गुप्त प्राचीन ग्रंथाचं नाव सांगितलं. तो ग्रंथ कोणा अभ्यासकाला सापडलेला नाही. लव्हक्राफ्टच्या कथांत नेक्रोनॉमिकॉनच्या शेजारी हा ड्झ्यानही येऊन बसतो. ब्लाव्हाट्स्कीबाईंना पूर्वेकडून ज्ञान हवं होतं, ह्याला तिकडून भय हवं होतं. दोघांचीही पोथी दूरची, आणि दोघांच्याही पोथीवर धूळ भरपूर.

"आपल्याकडे नाही का," सासूबाई पोळीचा तुकडा मोडत म्हणाल्या, "करणी केली म्हटलं की ती नेहमी दुसऱ्या गावच्याने केलेली."

शेवटी स्वान पॉइंट दफनभूमी. शहराच्या पूर्वेला, सीकाँक नदीच्या काठी. १८४६ सालापासूनची. दफनभूमी म्हणण्यापेक्षा बागच म्हणावी अशी, दुतर्फा ओक आणि मेपल. लव्हक्राफ्टचं नाव आधी आईवडिलांबरोबर कुटुंबाच्या मोठ्या स्तंभावर होतं. १९७७ साली वाचकांनी वर्गणी काढून त्याचा स्वतंत्र छोटा दगड बसवला. आपण आणि हे शहर एकच, अशा अर्थाची त्याच्याच पत्रातली तीन शब्दांची ओळ त्यावर आहे. दगडापाशी लोकांनी पेनं, नाणी, खडे ठेवले होते. गंमत बघा, १९७७ म्हणजे खोटी पोथी छापली तेच वर्ष.

"आजी, ते झाडांच्या पलीकडे बटलर हॉस्पिटल आहे," चिरंजीव म्हणाले. "तिथे त्याचे बाबा वारले. मग आईसुद्धा."

हे मला माहीत नव्हतं. वडील फिरते विक्रेते. १८९३ साली शिकागोच्या हॉटेलात त्यांचा मानसिक तोल गेला, तिथून बटलरला आणलं, ते १८९८ ला तिथेच गेले. मुलगा तेव्हा आठ वर्षांचाही नव्हता. आपल्या वडिलांना पक्षाघात झाला होता, असंच तो पुढे पत्रांतून लिहीत राहिला. १९१९ मध्ये आईला त्याच हॉस्पिटलात ठेवावं लागलं, १९२१ मध्ये तीही तिथेच गेली. आणि त्याच वर्षी त्याची 'द नेमलेस सिटी' छापून आली, जिच्यात तो वेडा अरब पहिल्यांदा येतो.

आम्ही बाकावर बसलो होतो. चहा ओतला. सासूबाई कप हातात धरून त्या झाडांकडे बघत होत्या. मग म्हणाल्या, "म्हणजे घरातलंच होतं. पोथीत नव्हतं."

"हो आजी."

थोड्या वेळाने त्यांनी आमच्याकडे न बघताच सांगितलं, "ते बाड मी वाचलंय."

ह्यांचा चहा सांडला.

"माझे वडील तलाठी. मला त्यांनी मोडी शिकवली होती. १९६२ ला लग्न होऊन आले. थोरले भावजी मागच्या पडवीत असायचे. ताट आत सरकवायचं आणि यायचं, बोलायचं नाही, असं मला सांगितलेलं. एका दुपारी सगळी निजल्यावर मी फडकं सोडलं."

"आई! काय होतं त्यात?"

"हिशेब. कुळांचे. कोणी किती भात घातलं, कोणाचं किती येणं राहिलं. मधे एक विंचू उतरवायचा मंत्र, एक काविळीचं औषध. शेवटी कोणाच्या तरी लग्नाची यादी. त्याने कोणाला वेड लागतंय!"

"मग तुम्ही कोणाला बोलला का नाहीत?" मी विचारलं.

"दोन नणंदा लग्नाच्या होत्या गं. बाडामुळे झालं म्हटलं की ते एकट्या भावजींचं नशीब. बाडामुळे नाही म्हटलं की ते घराण्यात आलं. मग त्या मुलींना कोणी करून घेतलं असतं?" त्या थांबल्या. "सगळ्यांना ते सोयीचं होतं. मलाही. फक्त बाडाने झालं म्हटल्यावर त्यांना परत डॉक्टरकडे कोणी नेलं नाही. मांत्रिक आणत राहिले. सदुसष्ट साली गेले ते. मी बोलले असते तर नेलं असतं का, ठाऊक नाही. पण मी बोलले नाही."

आमचे हे साठीचे आहेत. आपल्या सख्ख्या काकांविषयी इतकी वाक्यं त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा ऐकली.

चिरंजीवांनी विचारलं, "ते कसे होते, आजी?"

"अक्षर मोत्यासारखं. मॅट्रिकला तालुक्यात नाव काढलेलं. ताट ठेवलं की आतून विचारायचे, 'मुली, आज तिथी कोणती?' मी सांगायची. एवढंच आमचं बोलणं." मग पर्समधून त्यांनी मेपलचं एक पान काढलं आणि नातवाला दिलं. "जा, ठेव त्याच्यापाशी. माणूस कसा का असेना, आईबाप दोघंही त्या तसल्या ठिकाणी गेलेले. लेकरू होतं तेव्हा."

चिरंजीवांनी पान ठेवलं, वर एक खडा ठेवला, वाऱ्याने उडू नये म्हणून.

त्या माणसाची मतं मला पटणं शक्य नाही. आम्ही तिथे बसलेले चौघं त्याच्या नजरेतून त्या रेड हुकच्या गर्दीतलेच. तरी परतीच्या वाटेवर मला त्याच्याबद्दल जो विचार येत होता तो रागाचा नव्हता. घरातल्या दुखण्याला नाव द्यायची हिंमत होत नाही तेव्हा माणूस ते बाहेरून आलं असं म्हणतो. त्याने येमेनहून एक वेडा कवी आणवला. आमच्या घराने काशीहून एक गोसावी आणवला. त्याच्या गोष्टीने त्याचा शेजारी बदनाम झाला, आमच्या गोष्टीने पडवीतला माणूस औषधावाचून राहिला.

रात्री घरी आल्यावर उत्तरपूजा केली आणि सासूबाईंनी स्वतः गाठ सोडली. कागद पिवळा पडलेला, कडा कसरीने खाल्लेल्या, पण शाई काळीभोर. भिंग लावून त्यांनी पहिली ओळ वाचली. श्री. मग शके १८०९. मग कोणा कुळाचं नाव आणि भात दोन खंडी, पैकी पोचलं एक खंडी आठ मण. चिरंजीव फोनवर फोटो काढत होते. "आजी, हे अक्षर कोणतं? आणि हे?" करता करता बारा वाजले. आता दर रविवारी त्यांचा मोडीचा क्लास असतो. लग्नाच्या यादीपर्यंत पोचायला बहुतेक पुढचा दसरा उजाडेल.

काळं पेपरबॅक परत त्याच्या शेल्फवर गेलं. त्यावरही सासूबाईंनी फूल वाहिलं होतं, "असू दे, पुस्तक आहे" म्हणून.

एक गोष्ट राहिली. इथे डॉक्टरकडे गेलं की तो लांबलचक फॉर्म भरावा लागतो, माहीत आहे ना? डायबेटिस, ब्लडप्रेशर, आणि खाली कुठेतरी घरात कोणाला मानसिक आजार होता का, असा प्रश्न. इतकी वर्षं मी सवयीने 'नाही'च्या चौकटीत खूण करत आले. मुलगा जन्मला तेव्हाही केली. नोव्हेंबरात त्याच्या तपासणीला गेलो तेव्हा फॉर्म त्याने माझ्या हातातून घेतला आणि 'हो'वर खूण केली. नातं विचारलं होतं तिथे लिहिलं: आजोबांचे मोठे भाऊ. डॉक्टरीणबाईंनी वाचलं, दोन-चार प्रश्न विचारले, त्यानेही नीट उत्तरं दिली, आणि आम्ही घरी आलो. छप्पर कोसळलं नाही.

तुमच्याकडेही देवघरात किंवा बेसमेंटमधल्या एखाद्या बॅगेत असं लाल फडकं असेल. मोडी वाचणारं कोणी घरात आहे तोवर, मंडळी, एकदा गाठ सोडून बघाच.